जानकीचं जाणं राहिलंय

अंधेरी, १२ नोव्हेंबर १९५६

चि. सौ. वसुधा हिस अनेक आशीर्वाद.

साडेतीन वर्षांनी माझं अक्षर पाहून दचकू नकोस. अंधेरीहून मुलुंडला पोस्टमन दुसऱ्या दिवशी पोचतो, मला एवढी वर्षं लागली. यात पोस्टाचा काही दोष नाही.

दोन गोष्टी सांगायच्या आहेत. पहिली वाईट. आपले काशीरामबापू श्रावणात गेले. सकाळी मला म्हणाले, "शामा, पिक्चर पुरो कर रे," आणि दुपारी आटोपलं. गिरणीत यंत्र चालवलं त्यांनी तीस वर्षं, पण दशावतारातला राजा अंगातून गेला नव्हता. जातानाही आज्ञा करूनच गेले.

दुसरी गोष्ट आपल्या सिनेमाची. 'दांड्याची जानकी' अजून आहे, पण तिला घरघर लागलीय. तू लग्न करून गेलीस, मग बापू आजारी पडले, आणि शूटिंग थांबलं ते थांबलंच. सगळे डबे स्टुडिओच्या गोदामात पडून आहेत. आता चंद्रप्रकाशशेट म्हणतात, जानेवारीअखेर सिनेमा पुरा करून दाखवा, नाहीतर डबे घाटकोपरला जातील. तिथे जुनी फिल्म धुऊन तिच्यातली चांदी काढणारे लोक आहेत. म्हणजे बापूंचा चेहरा धुतला जाणार, तुझाही. शेट माणूस वाईट नाही, पण पैसा त्याचा अडकलाय, त्याला तरी किती थांबवू?

अडलंय कुठे, ते तुला सांगायला नको. तरी सांगतो. मुहूर्ताचा शॉट आठव. मी जानकी घर सोडून जाते तो प्रसंग घेणार होतो, तेव्हा बापू केवढे भडकले होते! "मुहूर्ताक चेडू घरातून भायर जाता, असा कोण घेता? आधी तेका घराक येवंदे!" जयवंतानेही कॅमेऱ्यामागून मान डोलावली. मग आपण सिनेमाचा शेवट आधी घेतला. जानकी परत येते, म्हातारा बाप, म्हणजे आपले बापू, दार उघडतो. आणि जाण्याचा प्रसंग अशुभ, अशुभ म्हणत सगळ्यांत शेवटी ढकलला. तो राहूनच गेला.

तेव्हा हिशेब असा आहे: तुझं परत येणं माझ्याकडे आहे, जाणं नाही. जी मुलगी गेलीच नाही, तिच्यासाठी म्हातारा दार उघडून रडतोय, असला सिनेमा लोकांना काय कळणार? शेवट पुन्हा दुसऱ्या कोणाला घेऊन काढावा, तर बापू कुठून आणू?

मी प्रसंग नव्याने लिहिलाय. बाप समुद्रावर गेलाय आणि जानकी एकटीच निघते. संवाद नाही. फक्त तू. मला तुझी एक सकाळ हवी आहे, खारदांड्याच्या किनाऱ्यावर. देशील?

तुझा,
श्यामकांत धारप


मुलुंड, १७ नोव्हेंबर १९५६

श्री. श्यामकांत यांस सा. न. वि. वि.

आशीर्वाद कसले देता? दहा वर्षांनी मोठे असलात म्हणून काही आजोबा झाला नाहीत.

बापू गेल्याचं मला ठाऊक नव्हतं. तुमचं पत्र वाचून स्वयंपाकघरात जाऊन रडले. दोन शॉटच्या मध्ये ते मला कनवटीची आवळासुपारी द्यायचे आणि म्हणायचे, खा, राजाची मुलगी आहेस. वाकोल्याच्या कारकुनाच्या मुलीला दुसरं कोणी राजकन्या म्हटलं नाही, म्हणणारही नाही.

पण यायचं मला जमणार नाही. सासूबाईंचे गुडघे धरलेत. माणिक, माझी मुलगी, दहा महिन्यांची आहे, तिला दात येताहेत. दिवसभर किरकिर करते. शिवाय मला आता सवय राहिली नाही. कॅमेऱ्यासमोर माझ्याच्यानं उभं राहवणार नाही. तुम्हाला कितीतरी मुली मिळतील. मुंबईत काय मुलींचा दुष्काळ आहे?

डबे घाटकोपरला देऊ नका. एवढं मात्र करा, काहीही करून करा.

आपली,
सौ. वसुधा कर्णिक


अंधेरी, २० नोव्हेंबर १९५६

वसुधा,

सासूबाईंचे गुडघे, माणिकचे दात. उद्या शेजारणीच्या मांजरीचं कारण येईल. तुला सबबी सांगता येत नाहीत गं, तेव्हाही येत नव्हत्या. शूटिंगला उशीर झाला की तू खरं सांगून मोकळी व्हायचीस.

एका ओळीत 'येणार नाही' आणि दुसऱ्या ओळीत 'डबे देऊ नका', याचा अर्थ मला कळतो. तुला यायचंय आणि कोणीतरी येऊ देत नाही. कोण, ते तू लिहिणार नाहीस. ठीक आहे.

श्यामकांत


अंधेरी, १० डिसेंबर १९५६

श्री. अनंतराव कर्णिक यांस,

आपली ओळख नाही. मी आपल्या पत्नीच्या अपुऱ्या सिनेमाचा दिग्दर्शक. त्यांना दोन पत्रं लिहिली, दुसऱ्याचं उत्तर आलं नाही. म्हणून सरळ आपल्यालाच विचारतो.

सिनेमात काम करणाऱ्या बाईबद्दल लोकांच्या मनात काय असतं, ते मला माहीत आहे. लग्नानंतर सुनेनं तोंडाला रंग लावू नये असं आपल्या घरी वाटत असेल, तर ते नवल नाही. पण साहेब, मी नवीन काही मागत नाही. जे काम लग्नाआधी अर्धं झालं, तेच पुरं करायचंय. एक सकाळ. आपण हवं तर सोबत या, शेजारी उभे राहा. एका सकाळीने तुमच्या कुळाचं काय बुडणार आहे? इथे एका मेलेल्या माणसाचं शेवटचं काम बुडतंय.

रागावून लिहिलं असेल तर क्षमा करा. पण मी रागावलेलाच आहे.

श्यामकांत धारप


मुलुंड, १३ डिसेंबर १९५६

श्री. धारप यांस स. न. वि. वि.

आपलं पत्र कचेरीतून आल्यावर वाचलं. आधीची दोन पत्रं आली होती हे मला या पत्रामुळेच कळलं. वसुधेने सांगितलं नव्हतं.

मी तिला कधीच मनाई केलेली नाही. आमच्या मातोश्रींनीही नाही. उलट शेजारीपाजारी 'आमची सून सिनेमात होती' असं त्याच सांगत असतात, थोडं जास्तच सांगतात.

गेल्या वर्षी, म्हणजे पंचावन्नच्या फाल्गुनात, वसुधेला देवी आल्या होत्या. एकवीस दिवस आम्हाला तिची आशा नव्हती. वाचली, ही देवाची कृपा. पण चेहऱ्यावर व्रण राहिले आहेत, बरेच आहेत. तेव्हापासून ती घरातला मोठा आरसा भिंतीकडे तोंड करून ठेवते. मी तो सरळ करत नाही. तिला जेव्हा वाटेल तेव्हा ती करील.

तिने आपल्याला हे का लिहिलं नाही, ते मी सांगू शकत नाही. मला वाटतं, जगात निदान एका माणसाला तिचा पूर्वीचा चेहरा तसाच आठवत राहावा, असं तिला वाटलं असेल. ते मी मोडलं. आपण मला तसं करायला लावलंत.

आपला,
अनंत कर्णिक


अंधेरी, १५ डिसेंबर १९५६

वसुधा,

मी गाढव आहे. अनंतरावांना तसं वेगळं लिहिलं आहे. एवढ्या सभ्य माणसाला मी काय काय बोललो! कोणी मला असं पत्र लिहिलं असतं तर मी उत्तरादाखल शिव्या दिल्या असत्या.

त्यांनी मला कळवलं. त्यांच्यावर रागावू नकोस. रागवायचं तर माझ्यावर रागाव, मला सवय आहे.

एकवीस दिवस तू तशी पडली होतीस आणि मी इथे अंधेरीत चहा पीत होतो. मला कोणी सांगितलं नाही. सांगणार तरी कोण, आणि काय नात्याने?

काल दिवसभर मी काही केलं नाही. नुसता प्रसंगाचा कागद समोर घेऊन बसलो होतो. लिहिलं होतं, 'जानकीचा चेहरा जवळून. डोळ्यांत पाणी.' आज सकाळी ती ओळ खोडली. अगं, जाणारं माणूस पाठमोरंच असतं! चेहरा बघायला मिळतो तो येणाऱ्याचा. तुझं येणं तर आपल्याकडे आहेच, बावीस वर्षांच्या चेहऱ्यासकट.

तू झोपडीतून निघायचंस आणि किनाऱ्याने दूर दूर जायचंस. कॅमेरा तुझ्या मागे राहील. तुझं तोंड कोणाला दिसणार नाही, मलाही नाही, तुझी इच्छा नसेल तर.

श्यामकांत


मुलुंड, २६ डिसेंबर १९५६

श्री. श्यामकांत यांस,

मी दहा दिवस तुमच्यावर आणि ह्यांच्यावर, दोघांवर रागावले होते. आता राग संपला. एवढा वेळ पुरवायची मला ऐपत नाही, घरात कामं असतात.

हो, तुम्हाला कळू द्यायचं नव्हतं. ह्यांनी लिहिलं तेच कारण. ह्यांना न सांगता बरंच कळतं, हा ह्यांचा फार मोठा दोष आहे.

पण एक मला सांगा. पाठमोरीच बाई हवी, तर ती कुठलीही चालेल. मीच कशाला? दया म्हणून बोलावत असाल तर येणार नाही. देवी झाल्यापासून लोकांनी इतकी दया केलीय, की माळ्यावर ठेवायलाही जागा उरली नाही.

आणि मला का यावंसं वाटतंय तेही सांगते. माणिक माझ्या दुखण्यानंतर झाली. 'आईचा गाल कुठाय?' विचारलं की ती माझ्या व्रणांवर बोट ठेवते आणि खुदकन हसते. तिची आई तेवढीच, तशीच. मला त्याचं वाईट वाटत नाही, तुम्हाला खोटं वाटेल. पण ती मोठी झाल्यावर कधीतरी तिला दुसरी आईही दिसावी, डब्यातली. मग तिने दोघींतली हवी ती निवडावी. त्या डब्यांची चांदी झाली तर तिला काय दाखवू?

माझ्या प्रश्नाचं उत्तर द्या. खरं द्या.

वसुधा


अंधेरी, २९ डिसेंबर १९५६

वसुधा,

खरं उत्तर हे आहे. तुझं पहिलं 'नाही' आल्यावर मी एका दुसऱ्या मुलीला किनाऱ्यावर चालवून पाहिलं होतं. चांगली आहे बिचारी, उंचीही तुझ्याएवढी. पण ती बाजारात कोथिंबीर आणायला चालल्यासारखी चालली. तू डावं पाऊल जरा उशिरा उचलतेस. तुला कोणी सांगितलं नसेल. सिनेमाभर जानकी तशीच चालते. जयवंत कॅमेऱ्यातून बघून म्हणाला, "ही आपली पोरगी नाय यार." त्यालाही कळलं, म्हणजे प्रेक्षकाला कळणारच.

दया वगैरे मला परवडत नाही. एकच डबा कोरी फिल्म उरली आहे, म्हणजे एकदाच चालायचं. रविवार, २० जानेवारी. आठाच्या सुमारास ओहोटी आहे, ओली वाळू लांबवर मोकळी मिळेल. मी 'कट' म्हणेपर्यंत चालत राहायचं, मागे वळायचं नाही. माणसं फार नसतील: मी, जयवंत आणि नलिनी. नलिनीला तू ओळखतेस, तेव्हा तुझी लुगडी तीच सांभाळायची. ती तुला लुगडं नेसवील. अनंतरावांना जरूर घेऊन ये.

श्यामकांत


अंधेरी, ३ फेब्रुवारी १९५७

वसुधा,

त्या दिवशी तुम्ही दोघं चहासुद्धा न घेता गेलात. माणिकला शेजारी ठेवलंय म्हणालात, मग मीही आग्रह केला नाही.

आधी बातमी. ३१ तारखेला चंद्रप्रकाशशेटना सिनेमा दाखवला. शेवटी बापू दार उघडतात आणि तुझा चेहरा दिसतो, तेव्हा उठून बाहेर गेले, नाक शिंकरून परत आले आणि म्हणाले, चैत्रात लावू. डबे घाटकोपरला जात नाहीत! बापू राहिले, तूही राहिलीस. माणिकला सांग.

आता जे सांगायचंय ते. तू पुढे चालत होतीस, मागे काय झालं ते तुला माहीत नाही.

तू बोचकं कमरेवर घेऊन निघालीस. डावं पाऊल उशिरा. झोपडीपासून तीस-चाळीस पावलांवर पडलेली होडी होती, तिच्यापलीकडे गेलीस की मी 'कट' म्हणायचं, असं ठरलं होतं. तू होडी ओलांडलीस. जयवंताने माझ्याकडे पाहिलं. मी काही बोललो नाही. तू खडकांकडे जात राहिलीस. नलिनी कुजबुजली, "अहो, म्हणा ना." मला शब्द माहीत होता. तोंड उघडलं नाही. वसुधा, तू माझ्याच सांगण्यावरून जात होतीस, आणि तरी मला असं वाटलं की 'कट' म्हटलं की संपलं, तू वळशील, नमस्कार करशील आणि मुलुंडला जाशील. न म्हणेपर्यंत तेवढी तू माझ्या सिनेमात होतीस.

हे लिहायला नको होतं. पण मे महिन्यात, त्रेपन्न साली, तू लग्नाची पत्रिका घेऊन स्टुडिओत आलीस तेव्हा मी पत्रिका उघडली आणि विचारलं, "तारीख काय? त्याआधी चार दिवस देशील ना?" दुसरं काही बोलायचं होतं. शूटिंगचं वेळापत्रक बोललो. ते चार दिवसही मिळाले नाहीत. तेव्हापासून मी स्वतःला शिव्या घालतो आहे, आणि त्यादिवशी किनाऱ्यावर पुन्हा तेच केलं.

मग मागे वाळूत बसलेले अनंतराव उठले. तुझ्या चपला हातात, धोतराचा सोगा दुसऱ्या हातात. आमच्या पुढून, कॅमेऱ्यासमोरून, सरळ धावत सुटले. "वसू, थांब! पुढे कालवं आहेत, पाय फाटतील!" जयवंताने कपाळावर हात मारला, पण कॅमेरा बंद केला नाही. तू थांबलीस आणि वळलीस. तोंड पुरतं कॅमेऱ्याकडे. आणि हसलीस. मग फिल्म संपली.

सिनेमात मी अनंतरावांचं पाऊल दिसायच्या आधी कात्री लावली आहे. पुढचा तुकडा सोबत पाठवतो, हवा तर ठेव, नको तर जाळ. मी तो टेबलावर चाळीसदा तरी पाहिला. तू वळून माझ्याकडे बघून हसलीस. एवढ्यावर मी पुष्कळ दिवस काढू शकेन.

श्यामकांत


मुलुंड, ९ फेब्रुवारी १९५७

श्री. श्यामकांत यांस,

तुकडा पोचला. जाळला नाही. खिडकीत उजेडाला धरून पाहिला, ह्यांना दाखवला, सासूबाईंना दाखवला. ह्यांना स्वतःचे धावतानाचे पाय पाहून इतकं हसू आलं की ठसका लागला. नंतर मी तो माणिकच्या डोळ्यांपुढे धरला. तिने ओळखलं. काय ओळखलं देव जाणे, पण बोट बरोबर ठेवलं. काल आरसा सरळ केला. त्यात तुमचा थोडा हात आहे, म्हणून सांगितलं.

बापूंसाठी नारळ फोडा, माझ्या नावाने. सिनेमा लागला की आम्ही सगळे येऊ, आमची तिकिटं आम्ही काढू. आम्ही आल्याचं कळल्याशिवाय राहायचं नाही तुम्हाला, म्हणून आताच सांगते, तेव्हा तुम्ही भेटायला येऊ नका.

आता एक गोष्ट चुकीची राहायला नको. तुम्हाला वाईट वाटेल, पण चाळीसदा पाहिलंत म्हणता, आणखी चाळीसदा पाहाल, म्हणून लिहावं लागतं. होडी ओलांडल्यावर मला कळलं की काहीतरी झालंय. तुम्ही 'कट' म्हणत नव्हता. मी वळले नाही, तुम्हीच बजावलं होतं. पण कान मागे होते. वाटलं, आता हाक येईल. खडक आले तरी वाटत होतं. आणि हाक आली, ती ह्यांची आली. मी ह्यांच्याकडे बघून वळले, श्यामकांत. हसले तीही ह्यांच्याकडेच बघून. एका हातात चपला, एका हातात सोगा, आणि कालवं कालवं म्हणून ओरडणारा माणूस. हसू येणार नाही तर काय? तो चेहरा तुमच्यासाठी नव्हता. तो मी ठेवून घेते.

पत्रिकेच्या दिवसाचं तुम्ही लिहिलंत. मी ते कधी काढलं नसतं. तारीख मी सांगितली, चार दिवस जमतील असं खोटं बोलले आणि निघाले. तुमच्या खोलीपासून स्टुडिओचं फाटक फार लांब नाही. त्या दिवशी मी ते अंतर होईल तेवढं सावकाश चालले होते.

वसुधा